थोपवण्याची विद्या : प्रस्तावना

कल्पित जग उभे करणाऱ्या लेखकाला वाचक पहिला प्रश्न विचारतो तो असा: तुमच्या जगातली जादू काय काय करू शकते? अग्निगोळे फेकते, माणसाचा पक्षी करते, मेलेल्याला बोलते करते, अशी उत्तरे लेखकाजवळ तयार असतात आणि ती देताना त्याची लेखणी खुलते. दुसरा प्रश्न उशिरा येतो, कधीकधी कथा हातातून निसटल्यावरच येतो: ही जादू थांबते कशाने? तिच्यावर तोड काय? पहिल्या प्रश्नाच्या उत्तरामुळे वाचक त्या जगात शिरतो, दुसऱ्याच्या उत्तरामुळे तिथे रमतो. हे पुस्तक दुसऱ्या प्रश्नाचे आहे. जादू निष्प्रभ करणारी जादू हा त्याचा विषय. कल्पितकथेच्या चर्चेत तो नेहमी मागच्या बाकावर बसवला जातो याची मला मनापासून खंत आहे, म्हणून ही प्रस्तावना जरा ऐसपैस लिहीत आहे.

जादूचे पद्धतशीर वर्गीकरण करणाऱ्या खेळांत या शाखेला ‘अ‍ॅब्ज्युरेशन’ हे नाव रूढ झाले. या पुस्तकात तिला निवारणविद्या आणि ती साधणाऱ्याला निवारक म्हटले आहे. तिचा पसारा मोठा आहे. अंगाभोवती अदृश्य कवच उभारणे, दारावर पहाऱ्याचा मंत्र बसवणे, कुणी मंत्र म्हणत असताना तो ओठांतच अडवणे, आधीपासून चालू असलेली जादू मोडून काढणे, शाप उतरवणे, परलोकातून आलेल्याला परत धाडणे, हे सगळे तिच्याकडे येते. या सर्वांत समान धागा एकच आहे. निवारक स्वतःचे काही घडवत नाही; दुसऱ्याने घडवलेले तो घडू देत नाही. त्याचे यश म्हणजे एक टळलेली घटना. अशा यशाचे पोवाडे कुणी गात नाही, आणि तरीही सगळ्या टोळीचा जीव त्यावर अवलंबून असतो.

या विद्येला आजचे काटेकोर रूप ज्या खेळाने दिले त्याचा इतिहास थोडक्यात सांगायला हवा. १९७४ साली गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नसन यांचा ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ प्रसिद्ध झाला. प्रकाशक होती अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यातील लेक जिनीव्हा या लहान गावातली टीएसआर. खेळाडू टेबलाभोवती बसतात, एक जण डंजन मास्टर होऊन जग चालवतो, बाकीचे एकेका पात्राची भूमिका घेतात आणि यशापयश फाशांवर ठरते. शिशाच्या सैनिकांनी खेळल्या जाणाऱ्या युद्धखेळांच्या पोटी हा खेळ जन्मला. युद्धखेळात घोडदळ आले की भालाईत येतातच, तोफ आली की तटबंदी येते. उताऱ्याशिवाय शस्त्र ठेवायचे नाही ही शिस्त जादूच्या बाबतीतही पाळली गेली असावी. खेळाच्या अगदी पहिल्या पुस्तिकांतच दुसऱ्याची जादू मोडणारा ‘डिस्पेल मॅजिक’ आणि भोवती जादूविरहित कवच उभारणारा ‘अँटी-मॅजिक शेल’ हे दोन्ही मंत्र आहेत. म्हणजे या खेळात मारणे आणि तारणे एकाच वर्षी जन्मले.

१९७८च्या ‘प्लेअर्स हँडबुक’मध्ये प्रत्येक मंत्रापुढे त्याची जात लिहिली गेली आणि अ‍ॅब्ज्युरेशन ही त्यांपैकी एक ठरली. १९८९च्या दुसऱ्या आवृत्तीत एकाच शाखेला वाहून घेतलेले मांत्रिक आले. त्यातला एक तपशील मला फार मोलाचा वाटतो. मांत्रिक व्हायला बुद्धिमत्ता लागतेच, पण प्रत्येक शाखेच्या उपासकाला आणखी एका गुणाची अट होती. मायाजाल पसरवणाऱ्याला चपळाई हवी, अग्नी आणि वीज सोडणाऱ्याला काटक शरीर हवे. निवारकाला मात्र शहाणपण हवे, वीसच्या आतल्या त्या मोजपट्टीवर किमान १५. नियम लिहिणाऱ्यांनी इथे एका आकड्यात या विद्येचा स्वभाव सांगून टाकला आहे. पुढे २०००च्या तिसऱ्या आवृत्तीत आठ शाखांची नावे आज परिचित आहेत त्या रूपात स्थिरावली आणि अ‍ॅब्ज्युरेशन त्यांत सुरुवातीलाच उभी राहिली. अर्थात हे वर्णानुक्रमाने घडले, पण मला तो मान योग्यच वाटतो.

आता ही विद्या चालते कशी ते पाहू. कल्पितकथांतले निवारणाचे असंख्य प्रकार मी चार रीतींत मांडतो: अडवणे, मोडणे, दाबणे आणि मागे घेणे. पहिल्या तीन रीती खेळांनी घासूनपुसून लख्ख केल्या आहेत. चौथी आपल्याकडच्या महाकाव्याने जितकी खोल नेली तितकी दुसऱ्या कुणी नेलेली मला दिसलेली नाही.

अडवणे म्हणजे जादू पोहोचण्याआधी तिच्या वाटेत उभे राहणे. ‘मॅजिक मिसाइल’ नावाचा मंत्र नेम चुकू शकत नाही म्हणून प्रसिद्ध आहे. त्याला फासा टाकावा लागत नाही, बाण सुटला की लागलाच. त्याच्यापुढे पहिल्याच पातळीचा ‘शील्ड’ हा छोटासा मंत्र उभा राहतो आणि तो अचूक बाण पूर्ण निष्फळ होतो. याच रीतीचे मोठे रूप ‘ग्लोब ऑफ इन्व्हल्नरेबिलिटी’. सहाव्या पातळीचा हा गोल दहा फूट त्रिज्येचा असतो. बाहेरून आलेला पाचव्या किंवा त्याखालच्या पातळीचा मंत्र त्याच्या आत काही करू शकत नाही. गोल मात्र जागचा हलत नाही. जो आत आहे तो सुरक्षित, पण त्याला तिथेच थांबावे लागते. संरक्षणाबरोबर स्थानबद्धता येते, हा यातला सूक्ष्म सौदा आहे.

मंत्र उच्चारला जात असतानाच तो तोडणे हाही अडवण्याचाच प्रकार, आणि त्याचा ‘काउंटरस्पेल’ हा या खेळातला सर्वांत वादग्रस्त मंत्र असावा. २०१४च्या पाचव्या आवृत्तीत तो असा चालतो: साठ फुटांच्या आत कुणी मंत्र म्हणताना दिसला की निवारक तत्क्षणी प्रतिक्रिया देतो. समोरचा मंत्र तिसऱ्या किंवा खालच्या पातळीचा असेल तर तो आपोआप विरतो. त्याहून वरचा असेल तर वीस बाजूंचा फासा टाकून दहा अधिक त्या मंत्राची पातळी एवढी मजल गाठावी लागते. शत्रूही निवारक असेल तर तो या काउंटरस्पेलवर आपला काउंटरस्पेल टाकू शकतो, आणि क्षणभर सारा संग्राम दोन माणसांच्या ओठांवर येऊन थांबतो. २०२४च्या सुधारित नियमांनी हा मंत्र सौम्य केला. आता ज्याचा मंत्र अडवला त्याला शरीरबळाने तग धरण्याची संधी मिळते, आणि तग धरता आला नाही तरी त्या मंत्रासाठी राखलेली त्याची शक्ती खर्ची पडत नाही. ती खेळी वाया जाते, शिदोरी शाबूत राहते. अडवणाऱ्याच्या हाती किती सत्ता द्यावी याचा विचार दहा वर्षांनी पुन्हा करावासा वाटला, यातच या विद्येचे वजन दिसते.

मोडणे म्हणजे लागलेली जादू उतरवणे. ‘डिस्पेल मॅजिक’ हे तिचे मुख्य साधन. १९७८च्या नियमात त्याचा हिशेब टक्क्यांत होता. दोन्ही मांत्रिक तुल्यबळ असतील तर यशाची शक्यता पन्नास टक्के. निवारक जितक्या पायऱ्यांनी वरचढ, तितक्या वेळा पाच टक्के वाढायचे आणि जितक्या पायऱ्यांनी कमी, तितक्या वेळा दोन टक्के घटायचे. या गणितात एक उदार तत्त्व दडले आहे. दुबळ्याची शक्यता हळूहळू कमी होते, एकदम संपत नाही. गुरूने टाकलेली जादू शिष्य मोडू शकतो. कथालेखकाला याहून अधिक काय हवे?

दाबणे ही तिसरी रीत सर्वांत विलक्षण. ‘अँटीमॅजिक फील्ड’ हा आठव्या पातळीचा मंत्र मांत्रिकाभोवती दहा फुटांचे असे वर्तुळ उभारतो की ज्याच्या आत जादूच उरत नाही. मंतरलेली तलवार तिथे साधे लोखंड होते, बोलावून आणलेला प्राणी दिसेनासा होतो, रूप बदललेला माणूस मूळ रूपात येतो. वर्तुळ सरकले की सगळे पूर्ववत. देवांनी किंवा अतिप्राचीन दिव्य वस्तूंनी घडवलेली जादू तेवढी शाबूत राहते. नियमाचे आणखी एक बारीक कलम आहे: जादू दबलेली असली तरी तिची मुदत संपतच राहते. तासाभराचा मंत्र पाऊण तास वर्तुळात घालवून बाहेर आला तर त्याच्याकडे पाव तासच उरतो. पण मुख्य गोष्ट अशी की या वर्तुळाच्या केंद्रस्थानी मांत्रिक स्वतः असतो. तोही तिथे निःशस्त्र असतो. साऱ्यांची जादू बंद करायची तर स्वतःचीही बंद करावी लागते.

हे तत्त्व कल्पितकथेच्या उत्तम निर्मात्यांनी पुन्हा पुन्हा शोधून काढले आहे. डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या १९७५च्या ‘ग्रेहॉक’ या पुरवणीत बिहोल्डर नावाचा प्राणी आला. हवेत तरंगणारे अजस्र डोके, डोक्यावर दहा देठ आणि प्रत्येक देठाला एक डोळा. त्या दहा डोळ्यांतून दहा प्रकारची जादू सुटते आणि मधला मोठा डोळा समोरची सारी जादू विझवतो. नवीन नियमांत या मधल्या डोळ्याच्या टप्प्यात त्याच्या स्वतःच्या दहा डोळ्यांचे किरणही विझतात. प्रत्येक खेपेला त्याला ठरवावे लागते की समोरच्याला निःशस्त्र करायचे की त्याच्यावर वार करायचा. लॅरी निव्हनच्या १९६९च्या ‘नॉट लाँग बिफोर द एंड’ या कथेत याहून पुढची पायरी आहे. तिथे जादू ही जमिनीतून उपसली जाणारी, संपणारी संपत्ती आहे. कथेतला वृद्ध मांत्रिक एक तबकडी मंत्राने अशी फिरवतो की ती वेग वाढवत वाढवत परिसरातली सारी जादू पिऊन टाकते. शत्रूच्या तलवारीतली शक्ती जाते, आणि त्याच क्षणी मांत्रिकाने मंत्राने टिकवलेले तारुण्यही जाते. जिंकताना तो म्हातारा होतो. निवारणाची किंमत इतक्या स्पष्टपणे मांडणारी कथा विरळाच.

जपानी कथामालिकांनीही हा धागा आपल्या पद्धतीने विणला आहे. काझुमा कामाची यांच्या २००४ पासून येत गेलेल्या ‘अ सर्टन मॅजिकल इंडेक्स’ मालिकेतल्या तोमा कामिजोचा उजवा हात कोणतीही अलौकिक शक्ती स्पर्शाने नष्ट करतो. तोच हात त्याचे नशीबही पुसतो, आणि उपकारक जादूही त्याच्यावर चालत नाही, म्हणून तो प्रत्येक लढाईनंतर साध्या रुग्णालयात जातो. युकी ताबाता यांच्या २०१५मध्ये सुरू झालेल्या ‘ब्लॅक क्लोव्हर’मधला आस्ता तर जादूचा लवलेश नसलेला मुलगा. सगळ्यांकडे आहे ते त्याच्याकडे नाही, आणि म्हणूनच जादू छाटणारी तलवार त्याला पेलते. महाराष्ट्रातली अनेक तरुण मुले आज या कथा आवडीने पाहतात. निवारणविद्येशी त्यांची पहिली ओळख इथेच होते आणि ती चांगली ओळख आहे असे मी मानतो.

पत्त्यांच्या खेळातही तिचे राज्य आहे. रिचर्ड गारफील्ड यांच्या १९९३च्या ‘मॅजिक: द गॅदरिंग’मध्ये काउंटरस्पेल नावाचेच पान होते, निळ्या रंगाची दोन एकके खर्चून समोरच्याचे कोणतेही आवाहन रद्द करणारे. ज्याच्या पुढ्यात निळी भूमी मोकळी ठेवलेली असते त्याच्यासमोर खेळताना प्रतिस्पर्धी प्रत्येक चाल जपून टाकतो, मग ते पान हातात असो वा नसो. १९९९पासून या खेळात एक सुंदर नियम स्थिर झाला: उत्तरादाखल टाकलेली पाने एकावर एक रचली जातात आणि सर्वांत शेवटी पडलेले सर्वांत आधी लागू होते. निवारक नेहमी नंतर बोलतो, पण त्याचे म्हणणे आधी खरे होते.

आता या विद्येचा गाभा. डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या तिसऱ्या आवृत्तीत प्रतिमंत्राचा नियम आजच्यापेक्षा कठीण होता आणि माझ्या मते अधिक सुंदर होता. निवारकाला आपली खेळी राखून ठेवून समोरच्यावर नजर ठेवावी लागे. तो मंत्र म्हणू लागला की त्याच्या हातवाऱ्यांवरून आणि उच्चारांवरून कोणता मंत्र आहे ते ओळखावे लागे. त्यासाठी वेगळे कौशल्य होते आणि मंत्र जितका वरचा तितकी ओळख अवघड. ओळखला, तरी तोच मंत्र स्वतःजवळ तयार असावा लागे. अग्निगोळ्याला अग्निगोळ्यानेच विझवायचे. अपवाद थोडे होते: वेगाच्या मंत्रावर मंदपणाचा मंत्र चाले, प्रकाशावर अंधार चाले, आणि डिस्पेल मॅजिक फाशाच्या भरवशावर कशावरही टाकता येई. या नियमामुळे खेळ संथ होतो अशी तक्रार असायची आणि ती खरी होती. पण त्यात एक मोठे सत्य होते. जे थोपवायचे ते आधी कळले पाहिजे. आग लावणाऱ्याला एकच मंत्र आला तरी भागते. निवारकाला सगळ्यांचे मंत्र माहीत असावे लागतात, अगदी जे तो आयुष्यात स्वतःहून कधीच वापरणार नाही तेही. म्हणून मी निवारणविद्येला कल्पित जगातली सर्वांत अभ्यासू विद्या म्हणतो. तिचा पाया दुसऱ्याला समजून घेण्यात आहे.

याच दृष्टीने आणखी एका स्थित्यंतराकडे पाहावे. जखमा भरून काढणारे मंत्र कोणत्या शाखेचे, या प्रश्नाचे उत्तर या खेळाने वारंवार बदलले. १९८९मध्ये ते जीवन-मरणाशी संबंध म्हणून नेक्रोमन्सीत होते. २०००मध्ये आवाहनाच्या शाखेत गेले, २०१४मध्ये ऊर्जेच्या शाखेत. २०२४मध्ये ‘क्युअर वुंड्स’ आणि ‘हीलिंग वर्ड’ हे मंत्र अ‍ॅब्ज्युरेशनमध्ये आले. इतकी वर्षे हिंडून उपचार अखेर निवारणाच्या घरी पोहोचला. झालेली हानी परतवणे हेही थोपवणेच आहे, ही जाणीव मला त्या निर्णयात दिसते.

मराठी वाचकाला हे सारे परके वाटण्याचे कारण नाही. प्रतिअस्त्राची कल्पना आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. आग्नेयास्त्रावर वारुणास्त्र, सर्पास्त्रावर गरुडास्त्र. इंद्रजिताच्या नागपाशात बांधले गेलेले राम-लक्ष्मण गरुड येताच मोकळे होतात, कारण नाग गरुडाला पाहून पळतात. हे स्वभावाने स्वभावाला दिलेले उत्तर आहे. द्रोणपर्वात अश्वत्थामा नारायणास्त्र सोडतो तेव्हा त्यावर कोणतेच अस्त्र चालत नाही. कृष्ण सांगतो, शस्त्रे खाली ठेवा, रथांतून उतरा. प्रतिकाराने वाढणारे अस्त्र प्रतिकार सोडल्याने शांत होते. भीम ऐकत नाही, तेव्हा त्याला रथातून ओढून उतरवावे लागते. निःशस्त्र होणे हेच कवच, ही कल्पना अँटीमॅजिक फील्डहूनही धाडसी आहे.

आणि मग सौप्तिकपर्वातला तो प्रसंग, ज्याच्यासाठी मी चौथी रीत वेगळी काढली. अश्वत्थामा गवताच्या काडीवर ब्रह्मशिर अस्त्र योजतो. त्याच्या शमनासाठी अर्जुनही तेच अस्त्र सोडतो. दोन्ही तेजे जग जाळतील म्हणून व्यास आणि नारद मध्ये उभे राहतात आणि दोघांना अस्त्रे आवरायला सांगतात. अर्जुन आवरतो. अश्वत्थाम्याला ते जमत नाही. अस्त्र सोडण्यापुरती विद्या त्याच्याजवळ होती. परत घेण्यासाठी जे व्रतस्थ, संयमी आयुष्य लागते ते नव्हते. त्याचे अस्त्र पांडवांच्या स्त्रियांच्या गर्भांवर जाते आणि उत्तरेचे मूल मृत जन्मते. पुढे कृष्ण त्याला जिवंत करतो. दोन योद्धे, एकच अस्त्र, एकाच गुरूची विद्या. फरक फक्त मागे घेण्याच्या सामर्थ्याचा. जगातल्या कल्पितसाहित्यात निवारणाविषयी इतके नेमके विधान मला दुसरे ठाऊक नाही.

याखेरीज लोककथांचा मोठा साठा आहे. अकराव्या शतकात काश्मीरमध्ये सोमदेवाने रचलेल्या कथासरित्सागरात मंतरलेला दोरा गळ्यात बांधून माणसाचा बैल केला जातो आणि बंधमोचनिका नावाची योगिनी तो दोरा काढून त्याला सोडवते. आपल्या घरांतून पारायणात वाचला जाणारा, धुंडीसुत मालू नरहरीचा चाळीस अध्यायांचा ‘नवनाथ भक्तिसार’ हा ओवीबद्ध ग्रंथ शके १७४१चा, म्हणजे इसवी सन १८१९चा. अस्त्रावर अस्त्र, मंत्रावर मंत्र अशा द्वंद्वांनी तो भरला आहे. मारुतीने फेकलेले पर्वत मच्छिंद्रनाथ मंत्राने थोपवतो, मारुतीलाही खिळवून ठेवतो, आणि शेवटी वायुदेवाच्या मध्यस्थीने मोकळे करतो. इथेही थोपवण्याचा शेवट सख्यात होतो. स्त्रीराज्यात गुंतलेल्या गुरूला गोरक्षनाथ मृदंगाच्या बोलांनी जागे करतो, तेव्हा तर शस्त्रही लागत नाही. पाश्चात्त्य खेळांनी या कल्पनेला मोजमाप दिले. आपल्या ग्रंथांनी तिला नाते दिले. मराठी लेखकाला दोन्ही हाताशी आहेत.

एक गोष्ट इथे स्वच्छ शब्दांत सांगणे माझे कर्तव्य आहे. या पुस्तकातली जादू कथेतली आहे. प्रत्यक्ष जीवनात करणी, भानामती, मूठ मारणे यांच्या नावाने माणसे नाडली गेली आहेत, बायकांना चेटकीण ठरवून छळले गेले आहे, आणि करणी उतरवून देतो म्हणणाऱ्यांनी भयाचाच धंदा केला आहे. याविरुद्ध आयुष्यभर झटलेल्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. कल्पित जादूवर प्रेम करणाऱ्या माणसाने ही सीमा सर्वांत जपून सांभाळली पाहिजे. कथेतली जादू वाचणाऱ्याला विचार करायला लावते. व्यवहारातली बुवाबाजी विचार बंद पाडते. प्रत्यक्षातल्या जादूटोण्यावर एकच तोड आहे आणि ती म्हणजे प्रश्न विचारणे.

निवारणविद्येलाही मर्यादा असावी लागते. हॅरी पॉटरच्या जगात बहुतेक जादूवर उलट-मंत्र आहेत, पण प्राणघातक शापावर नाही. म्हणूनच आईच्या बलिदानाने त्या मुलाचे वाचणे ही साऱ्या मालिकेची कोनशिला होऊ शकली. उर्सुला ले ग्विन यांच्या ‘द फार्देस्ट शोअर’ या १९७२च्या कादंबरीत कॉब नावाच्या मांत्रिकाने मरणाच्या भयापोटी जगाला एक भगदाड पाडलेले असते. ते बुजवताना कथानायक गेड आपली सारी शक्ती खर्चून बसतो आणि त्यानंतर तो मांत्रिक राहत नाही. ज्या जगात सगळेच रद्द होऊ शकते तिथे वाचकाला कशाचीच धास्ती उरत नाही, आणि जिथे काहीच रद्द होत नाही तिथे आशा उरत नाही. या दोहोंमधली जागा लेखकाने प्रत्येक कथेसाठी नव्याने आखायची असते.

पुढील प्रकरणे अशा क्रमाने जातात. आधी चार रीती सविस्तर, मग निवारणाची किंमत, मग खेळांचे नियम, मग आपली महाकाव्ये आणि लोककथा, आणि अखेरीस मराठीत नवे कल्पित जग रचू पाहणाऱ्यांसाठी काही सूचना. त्यांतल्या तीन इथेच सांगतो. जादूवरचा उतारा कथेच्या शेवटी अचानक काढू नये. तो जादूच्या बरोबरीने, सुरुवातीच्या पानांतच पेरावा. उतारा फुकट देऊ नये. देणाऱ्याचे काहीतरी जावे, वेळ, तारुण्य, नशीब किंवा स्वतःची शक्ती. आणि निवारकाला ज्ञान द्यावे; त्याने शत्रूला शत्रूपेक्षा अधिक ओळखलेले असावे.

मराठीत आज कल्पितकथा लिहिणारे तरुण वाढत आहेत, घराघरांत फाशांचे खेळ रंगत आहेत. त्यांच्या जगांत विजा आणि ज्वाला भरपूर आहेत आणि त्या असाव्यातच. माझे मागणे एवढेच आहे की ज्याला आपल्या जगातले सर्वांत भयंकर अस्त्र लिहायचे आहे, त्याने ते मागे घेऊ शकणारे पात्र आधी लिहावे.